प्रॉक्समॉक्स व्हीई: पासथ्रू सोपं करतं, पण चुकलात तर अडवत नाही

प्रॉक्समॉक्स व्हीई ही एका मशीनवर (होस्टवर) अनेक व्हीएम, म्हणजे आभासी संगणक, चालवणारी प्रणाली. ग्राफिक्स कार्ड, एचबीए (डिस्क जोडायचं कार्ड) किंवा नेटवर्क कार्ड थेट व्हीएमच्या ताब्यात देणं, म्हणजेच पासथ्रू, तिच्या वेब स्क्रीनवर चार-पाच क्लिकचं काम दिसतं. व्हीएम निवडा, हार्डवेअरमध्ये जा, ॲड, पीसीआय डिव्हाइस, यादीतलं कार्ड निवडा, झालं. पण हे जमणार की नाही ते क्लिक करण्याआधीच ठरलेलं असतं, आणि ठरवतो मदरबोर्ड.

डिव्हाइसला ठराविक मेमरीपुरतंच ठेवणारी आयओएमएमयू ही सोय बायोसमध्ये चालू हवी. इंटेलवर तो पर्याय व्हीटी-डी, एएमडीवर आयओएमएमयू या नावाने असतो. एएमडीच्या काही बोर्डांवर हा पर्याय ‘ऑटो’वर असतो आणि ऑटोचा अर्थ ‘बंद’ निघतो, तेव्हा थेट ‘एनेबल्ड’ करा. मोठ्या मेमरीच्या ग्राफिक्स कार्डासाठी ‘अबव्ह ४जी डिकोडिंग’ही लागतं. कर्नल (सिस्टीमचा गाभा) ६.८ पासून इंटेलचं आयओएमएमयू आपोआप चालू होतं. त्याआधीच्या कर्नलला बूटच्या ओळीत ते सांगावं लागतं, आणि इथे बरेच जण अडकतात. मशीन ग्रबऐवजी सिस्टीमडी-बूट या बूटलोडरने सुरू होत असेल तर ग्रबची फाइल कितीही बदला, काही फरक पडत नाही. पर्याय कर्नलच्या कमांडलाइन फाइलमध्ये, सगळे एकाच ओळीत लिहून प्रॉक्समॉक्सच्या बूट टूलने रिफ्रेश करावं लागतं.

आता खरा मुद्दा, आयओएमएमयू ग्रुप. जी डिव्हाइसेस एकमेकांपासून हार्डवेअरच्या पातळीवर वेगळी ठेवता येत नाहीत, ती एका ग्रुपमध्ये येतात, आणि ग्रुप फोडून वाटता येत नाही. प्रॉक्समॉक्सची जमेची बाजू म्हणजे कार्ड निवडायच्या यादीतच ग्रुपचा नंबर दिसतो. निवडलेलं कार्ड ग्रुपमध्ये एकटं नसेल तर पिवळ्या पट्टीत सूचनाही येते. पण ती नुसती सूचना. ओके दाबलं की दाबलं.

पुढे होतं ते असं. व्हीएम सुरू करताना प्रॉक्समॉक्स त्या ग्रुपमधली, ब्रिज सोडून, सगळी डिव्हाइसेस होस्टच्या ड्रायव्हरकडून काढून व्हीएफआयओ या पासथ्रूच्या ड्रायव्हरकडे देतं. समजा, चिपसेटमागच्या स्लॉटमधलं कार्ड, ऑनबोर्ड नेटवर्क पोर्ट आणि साटा कंट्रोलर एकाच ग्रुपमध्ये आहेत. स्टार्ट दाबल्या दाबल्या होस्टचं नेटवर्क जातं, वेब स्क्रीन गोठते, आणि बूट डिस्क त्याच साटावर असेल तर होस्टही गेलाच. कार्ड बिघडलं असं वाटतं, पण सगळं सांगितल्याप्रमाणेच झालेलं असतं. अशी निवड सरळ नाकारायला हवी होती. या सोयीतली ही सर्वात मोठी उणीव.

ग्रुप फोडायला एसीएस ओव्हरराइड हा पर्याय प्रॉक्समॉक्सच्या कर्नलमध्ये येतो. त्याने ग्रुप वेगळे *दिसतात*, हार्डवेअर वेगळं होत नाही. घरच्या प्रयोगाला ठीक, परक्या माणसाला व्हीएम देणार असाल तर नको. त्यापेक्षा कार्ड सीपीयूला थेट जोडलेल्या स्लॉटमध्ये हलवून पाहा, बहुतेक वेळा तेवढ्यात भागतं.

ग्राफिक्स कार्डासाठी मशीन टाइप क्यू३५, बायोस ओव्हीएमएफ, सीपीयू ‘होस्ट’ ठेवा आणि ‘पीसीआय-एक्सप्रेस’वर टिक करा. कार्डाचं ऑडिओ हे वेगळं फंक्शन असतं (०१:००.० आणि ०१:००.१), म्हणून ‘ऑल फंक्शन्स’ही हवं. ‘प्रायमरी जीपीयू’ मात्र शेवटी. ती टिक केली की ब्राउझरमधला कन्सोल जातो, तेव्हा आधी विंडोज टाकून रिमोट डेस्कटॉप सुरू करून घ्या. एनव्हिडियाचा कुप्रसिद्ध ‘एरर ४३’ (व्हीएममध्ये आहोत हे कळताच ड्रायव्हर कार्ड चालवायला नकार देई तो) २०२१ मधल्या ४६५ मालिकेच्या ड्रायव्हरपासून आड येत नाही. त्यावरचे जुने तोडगे आता कॉपी करू नका. एएमडीच्या पोलारिस, वेगा आणि पहिल्या नावी कार्डांना रीसेटचा आजार आहे. व्हीएम एकदा बंद केली की होस्ट रीबूट केल्याशिवाय कार्ड परत उठत नाही. ‘वेंडर-रीसेट’ मॉड्यूलने काहींचं काम होतं. लॉगमध्ये ‘बार (कार्डाचा मेमरीतला पट्टा) राखून ठेवता येत नाही’ अशा अर्थाची ओळ वारंवार आली तर होस्टचा बूट फ्रेमबफर (बूट होताना पडद्यावरचं चित्र ठेवणारी मेमरी) कार्ड धरून बसलाय असं समजा. कर्नलच्या ओळीत सिसएफबीचा इनिट-कॉल ब्लॅकलिस्ट केला की तो सोडतो.

एचबीएच्या बाबतीत मात्र प्रॉक्समॉक्स फारसा त्रास देत नाही. एसएएस२००८ चिपचं कार्ड, आयटी मोडचं (डिस्क जशाच्या तशा दाखवणारं) फर्मवेअर, पूर्ण कार्ड ट्रूनॅस या साठवणीच्या सिस्टीमच्या व्हीएमला. स्मार्टची (डिस्कच्या तब्येतीची) माहिती आणि डिस्कचे सिरियल नंबर व्हीएमला थेट दिसतात. सुट्या डिस्क देण्यापेक्षा हे कितीतरी बरं.

मोबदल्यात काय जातं तेही पाहा. डिव्हाइस व्हीएमच्या मेमरीत थेट डीएमए करतं (प्रोसेसरला वगळून लिहितं-वाचतं), त्यामुळे ती सगळी मेमरी सुरुवातीलाच अडकवून ठेवावी लागते. ३२ जीबी दिली तर ३२ जीबी गेली, बलूनिंगचा (व्हीएमची रॅम गरजेप्रमाणे कमी-जास्त करण्याचा) उपयोग शून्य. साध्या पासथ्रूत लाइव्ह मायग्रेशन (चालू व्हीएम दुसऱ्या होस्टवर हलवणं) नाही, रॅमसकट स्नॅपशॉटही नाही. व्हीएमवेअरच्या ईएसएक्सआयवरही पूर्ण मेमरी राखून ठेवावीच लागते, आणि मायक्रोसॉफ्टच्या हायपर-व्हीची डीडीए ही पासथ्रूची सोय फक्त विंडोज सर्व्हरवर आहे, २०१६ पासून. त्या मानाने मोफत मिळणाऱ्या प्रॉक्समॉक्सचं पारडं जड.

आवृत्ती ८ मध्ये आलेलं रिसोर्स मॅपिंग नक्की वापरा. नवीन एनव्हीएमई किंवा कार्ड बसवलं की पीसीआय बसचे नंबर सरकतात. काल ०५ वर असलेलं ग्राफिक्स कार्ड आज ०६ वर, आणि ०५ वर भलतंच काहीतरी. व्हीएमच्या सेटिंगमध्ये कच्चा पत्ता लिहिला असेल तर ती ते भलतंच उचलते. मॅपिंगमध्ये डिव्हाइस आयडी नोंदवलेला असतो, तो जुळला नाही तर व्हीएम सुरू होत नाही. हवा तसा हा एकच अडसर इथे आहे. होस्टच्या नेटवर्क इंटरफेसचं नावही याच कारणाने बदलतं, तेव्हा कार्ड बसवताना मॉनिटर आणि कीबोर्ड जवळ असू द्या.

व्हीएम होस्टबरोबर आपोआप सुरू करणारी ‘स्टार्ट ॲट बूट’ सोय आठवडाभर तरी बंदच ठेवा. ती चालू असताना होस्ट दर बूटला लटकू लागला तर बूट मेनूत कर्नलची ओळ संपादित करून आयओएमएमयू बंद करा. पासथ्रूची व्हीएम सुरूच होणार नाही, होस्ट वर येईल, मग सेटिंग काढा. आणि व्हीएमला दिलेल्या एचबीएवरच्या डिस्क प्रॉक्समॉक्सच्या बॅकअपमध्ये येत नाहीत, त्यांचा बॅकअप व्हीएमच्या आतूनच घ्यावा लागतो.