इसुमा टीव्ही: नाटार उंगालाकचं काम पाहायची योग्य जागा

उत्तर कॅनडातल्या नुनावुत प्रांतातल्या इग्लूलिक गावचा इनुइट (तिथल्या मूळनिवासी समाजातला) अभिनेता आणि दिग्दर्शक नाटार उंगालाक याचं काम पाहायचं असेल, तर सुरुवात इसुमा टीव्हीपासून करावी. १९९० साली झकारायस कुनुक, पॉल अपाक, पाउलूसी कुलितालिक आणि नॉर्मन कोन यांनी उभारलेल्या इसुमा या निर्मितिसंस्थेचं हे संकेतस्थळ. बरंचसं फुकट पाहता येतं. चित्रपटांच्या शेजारीच गावातल्या वडीलधाऱ्यांची ध्वनिचित्रमुद्रणंही आहेत, आणि खरा ठेवा तोच.

मात्र नवा प्रेक्षक इथे हरवतो. मांडणी विस्कळीत आहे आणि एकाच चित्रपटाला इनुक्टिटुट (इनुइटांची भाषा) व इंग्रजी अशी दोन नावं असतात, म्हणून दोन्ही नावांनी शोधावं.

थेट २००१ च्या ‘अटानार्जुआट’वर उडी मारू नका. जवळपास तीन तासांच्या या चित्रपटात पहिली वीसेक मिनिटं नाती लागत नाहीत. कारण साधं आहे: इनुइटांत मुलाला ज्या मृत व्यक्तीचं नाव ठेवतात, त्या व्यक्तीचं नातंही त्याच्याकडे येतं. त्यामुळे म्हातारी पानिकपाक लहान अटुआटला आपली आई मानते. हे कळलं की पुढची नाती उलगडतात. म्हणून आधी इसुमाची ‘नुनावुत’ ही तेरा भागांची मालिका पाहा. १९४० च्या दशकातलं इग्लूलिक, शिकार, घर, बोलण्याची लय डोळ्यांत बसते.

‘अटानार्जुआट’मध्ये उंगालाक बर्फावरून नागडा धावतो, ते दृश्य सगळ्यांना माहीत असतं. त्याच्या अभिनयाची खरी ताकद मात्र गप्प बसलेल्या दृश्यांत आहे. इग्लूतली दृश्यं चरबीच्या दिव्याच्या उजेडातली असल्याने मोबाइलवर काळपट होतात. मोठा पडदा आणि अंधारी खोली हवी. शेवटची नामावली सुरू झाली की बंद करू नका, चित्रीकरण कसं झालं ते तिथेच दिसतं.

त्यानंतर २०१६ चा ‘मालिग्लुटिट’ घ्या. कुनुकबरोबर उंगालाकनेही त्याचं दिग्दर्शन केलंय. गोष्ट १९१३ मधली, पळवून नेलेल्या बायको-मुलीच्या शोधाची. संवाद अगदी मोजके.

एक उणीव आहे. उंगालाकला जिनी हा कॅनडाचा चित्रपट पुरस्कार मिळवून देणारा २००८ चा क्षयरोग्याचा चित्रपट, ‘द नेसेसिटीज ऑफ लाइफ’, इसुमाची निर्मिती नाही, तो दुसरीकडे शोधावा लागतो. तो शोधाच: घरापासून तुटलेला, आसपासच्यांची भाषा न येणारा माणूस उंगालाकने त्यात फक्त डोळ्यांनी उभा केलाय.