ठाणे वेस्टचा वीकेंड एडिटिंग कोर्स: जा, पण हे वाचून

पिक्चरचं एडिटिंग यूट्यूबवर फुकट शिकता येतं मग फी कशाला असं घरचे विचारतातच, त्यांना कोर्सच्या सरांच्या एका लेक्चरला आणून बसवा. केजीएफ चॅप्टर २ मधला गाड्यांचा पाठलाग आठवतोय ना, स्क्रीन मधेच काळी होते, परत दिसतं, परत काळी? सरांनी तो आधी म्यूट करून दाखवला, मग नुसता आवाज ऐकवला. चित्र नसतं तेव्हाही आवाज पाठलाग चालू ठेवतो हे तेव्हा खरं कळलं, इतकी वर्षं पिक्चर बघून कधी लक्षातच आलं नव्हतं.

तो पिक्चर एडिट केला उज्ज्वल कुलकर्णीने, तेव्हा वय जेमतेम १९! पहिल्या भागाचे फॅन एडिट (पिक्चरच्या क्लिप जोडून हौसेने बनवलेले व्हिडिओ) करायचा, ते बघून डायरेक्टर प्रशांत नीलने घेतला, २०२२ ला हा आला आणि २०२३ ला सालार पण त्यानेच कापला. बॅचमधली बरीच पोरं हेच ऐकून आलीयत. सर त्यांना नाउमेद करत नाहीत, पण सोबत सुरेश उर्स पण सांगतात, कन्नडमधलं मोठं नाव, मणिरत्नमचे रोजा, बॉम्बे, दिल से त्यांनीच एडिट केले, बॉम्बेसाठी नॅशनल अवॉर्ड. म्हणजे भाषा बदलली तरी हात तोच.

सगळ्यात भारी एक्सरसाइज म्हणजे कांताराचा शेवट, सबटायटल बंद. आमच्यात कन्नड कोणालाच येत नाही, तरी कुठे कट येणार ते आधी सांगायचं आणि का तेही सांगायचं, मग आपोआप चेहरा, श्वास, पायांची हालचाल बघायला लागतो. के. एम. प्रकाश आणि प्रतीक शेट्टी या दोघांचं एडिटिंग आहे ते, आणि खरंच कमाल आहे.

आता तक्रार. पहिली नोकरी असिस्टंटची लागते, म्हणजे फुटेज सिंक करा (चित्र आणि आवाज जुळवा), प्रॉक्सी म्हणजे फुटेजच्या हलक्या कॉपी बनवा, बिन म्हणजे क्लिपचे फोल्डर नीट लावा, पिक्चर लॉक झाला म्हणजे कट फायनल झाले की साउंडला आणि डीआयला (रंगांचं काम करणाऱ्यांना) फाइली पाठवा. हे सगळं एका लेक्चरमध्ये उरकलं, हे चुकीचंय, पोट त्याच्यावरच भरणारे. आणि एका मशीनवर दोघं बसतात, त्यात एकाचाच हात चालतो. प्रॅक्टिससाठी वीकडेला संध्याकाळी लॅब उघडी ठेवतात, पण ते स्वतःहून सांगत नाहीत, अॅडमिशन घेतानाच विचारून स्लॉट पक्का करा.