गॅरीज मॉडमधला जांभळा चौकडा: काउंटर-स्ट्राइक सोर्स माउंट करून आठ महिने

डिसेंबर २०२२ च्या सेलमध्ये मी काउंटर-स्ट्राइक: सोर्स हा बंदुकांचा कॉम्प्युटर गेम विकत घेतला आणि आजतागायत तो एकदाही खेळलेलो नाही. घेतला तो त्याच्या भिंती, खोकी, खुर्च्या आणि केळी गॅरीज मॉड या दुसऱ्या गेममध्ये वापरायला, म्हणजे 'माउंट' करायला. केळ्यांचं पुढे येईलच. आता ऑगस्ट २०२३ उजाडलाय, तेव्हा हा खर्च वसूल झाला का, ते लिहायला हरकत नाही.

माझा भाचा नाशिकला इंदिरानगरमध्ये राहतो, सातवीत आहे. मी अंबडला एका कारखान्याच्या ड्रॉइंग ऑफिसात. दिवाळीच्या सुट्टीत त्याला गॅरीज मॉड घेऊन दिला. यात जिंकणं-हरणं नाही. मोकळं मैदान, ढीगभर सामान, आणि ते जोडायला दोर, चाकं, वेल्ड. गॅरी न्यूमनने २००४ साली हाफ-लाइफ २ वर केलेली ही जोड २००६ च्या नोव्हेंबरपासून स्टीम या गेमांच्या ऑनलाइन दुकानात स्वतंत्रपणे विकली जाते. मुलगा मारामारी सोडून काहीतरी बांधतोय, म्हणून ताईचीही ना नव्हती.

पहिले चार दिवस जीएम कन्स्ट्रक्ट या मॅपवर, म्हणजे खेळायच्या मैदानावर, मजेत गेले. मग कुणीतरी सांगितलेला दुसरा मॅप त्याने वर्कशॉपवरून, म्हणजे स्टीमवरच्या लोकांनी केलेल्या वस्तूंच्या साठ्यातून, उतरवला आणि रात्री साडेनऊला फोन आला. "मामा, सगळं जांभळं झालंय. लॅपटॉप गेला का?" मागून ताईचा आवाज, "तूच आणून दिलंस ना, आता तूच ये."

गेलो. भिंतींवर जांभळ्या-काळ्या बुद्धिबळाच्या पटासारखं काहीतरी, आणि जिथे टेबल-खुर्च्या असायला हव्यात तिथे हवेत लाल अक्षरांत इंग्रजी 'एरर'. लॅपटॉप ठणठणीत होता. आणि मला ते दृश्य ओळखीचं वाटलं, कारण ऑफिसात आठवड्यातून एकदा तरी तेच बघतो. ऑटोकॅडमध्ये कुणीतरी ड्रॉइंग पाठवतं, आत दुसऱ्या ड्रॉइंगचा संदर्भ जोडलेला असतो, पण ती दुसरी फाइल पाठवायला विसरतो. आपण उघडलं की त्या जागी नुसता पत्ता दिसतो, माल नाही. इथेही तसंच. मॅप बनवणाऱ्याने भिंत उभी केली आणि लिहून ठेवलं, 'हिला काउंटर-स्ट्राइकमधली अमुक विटांची टेक्स्चर (पृष्ठभागाचं चित्र) लावा.' ती त्याच्या मशीनवर होती, आमच्या नव्हती. यात ना मॅपवाल्याची चूक, ना गॅरीज मॉडची. हाफ-लाइफ २ चा बराच माल गेमसोबतच येतो, म्हणून त्यावरचे मॅप नीट दिसतात. काउंटर-स्ट्राइकचा माल तेव्हा वेगळा घ्यावा लागायचा.

इथपर्यंत कळलं तरी लगेच विकत घेतला असता तर मी मामा कसला. आधी फुकटचा रस्ता धरला. 'सगळी टेक्स्चर एका पॅकमध्ये' असं सांगणारी एक साइट सापडली. उतरवलेल्या झिपमध्ये फोल्डरांच्या जोडीला एक सेटअपची एक्झी फाइलही होती. टेक्स्चर म्हणजे चित्रं. चित्रं नुसती फोल्डरात टाकायची असतात, त्यांना इन्स्टॉलर कशाला लागतो, हा प्रश्न मला पडायला हवा होता. तो अँटिव्हायरसला पडला. ती फाइल पुसून उरलेली फोल्डरं टाकली, तर भिंती आल्या, खुर्च्या नाहीत. काही मॉडेलं (वस्तूंचे त्रिमितीय आकार) दिसायची पण हातात यायची नाहीत. नंतर कळलं की एक मॉडेल म्हणजे एक फाइल नसतेच. एमडीएलच्या जोडीला व्हीव्हीडी आणि व्हीटीएक्स लागतात, आणि वस्तू ढकलता-उचलता यायला पीएचवाय. पॅक करणाऱ्याने अर्धं उचललं होतं. शिवाय दुसऱ्याचा विकायचा माल असा वाटणं कायद्यात बसत नाहीच. पण खरं सांगायचं तर मला आधी कंटाळा आला, कायदा नंतर आठवला.

मधल्या काळात भाच्याने स्वतःचा एक उपाय केला. काउंटर-स्ट्राइक: ग्लोबल ऑफेन्सिव्ह तेव्हा फुकट मिळायचा म्हणून तो उतरवला. नाव तेच, मग माल पण तोच असेल, असा त्याचा हिशोब. रात्रभर डाउनलोड चाललं आणि भिंती जांभळ्याच राहिल्या. मॅप शोधतात २००४ सालच्या 'सोर्स' च्या फाइली. त्या त्याच नावाने, त्याच फोल्डरात लागतात. धाकट्या भावाच्या घरी जाऊन थोरल्याचं कपाट उघडल्यासारखं झालं.

शेवटी सेलमध्ये एका मिसळीच्या पैशांत 'सोर्स' आला. इन्स्टॉल केला, गॅरीज मॉड उघडला, मुख्य मेनूत उजवीकडे खालच्या कोपऱ्यात गेमपॅडचं चिन्ह आहे त्यावर गेलो. तिथे गेमांची यादी असते. काउंटर-स्ट्राइक: सोर्सवर टिक केली, गेम बंद करून पुन्हा उघडला, तोच मॅप लावला. विटा आल्या, खिडक्या आल्या, खुर्च्या जमिनीवर बसल्या. सगळं मिळून दोन मिनिटं. दीड महिना मी काय करत होतो हे ताईने विचारलं नाही, हे तिचे उपकार.

गेम इन्स्टॉल असायला लागतो, उघडायला लागत नाही. दुसऱ्या ड्राइव्हवर असला तरी स्टीमला तो माहीत असेल तर चालतं. मी मधेच डिस्क भरली म्हणून 'सोर्स' अनइन्स्टॉल केला होता. "घेतलाय ना आपण एकदा" या समजुतीत. दुसऱ्या दिवशी फोन.

माझ्या घरच्या जुन्या मशीनवर मात्र हे एवढं सोपं गेलं नाही. तिथे गेमची फोल्डरं एका बाहेरच्या डिस्कवर होती. यासाठी गॅरीज मॉडच्या सीएफजी फोल्डरात 'माउंट' नावाची फाइल असते. नोटपॅडमध्ये उघडायची आणि अवतरणांत गेमचं छोटं नाव, मग त्याच्या फोल्डरचा पत्ता लिहायचा. मी दोन चुका केल्या. आधीपासून असलेल्या नमुन्याच्या ओळीतच पत्ता भरला, पण तिच्या सुरुवातीचे दोन तिरके दंड काढले नाहीत. ते असतील तर ती ओळ टिपण धरून सोडून दिली जाते. दुसरी चूक, पत्ता गेमच्या मुख्य फोल्डरपर्यंतच दिला. तो आतल्या 'सीस्ट्राइक' फोल्डरपर्यंत न्यायला हवा. आणि एकदा बाहेरच्या डिस्कचं अक्षर बदललं, तेव्हा पुन्हा सगळं जांभळं. मेनूतली टिक चालत असेल तर या वाटेला जाऊ नये.

त्या 'सीस्ट्राइक' फोल्डरात डोकावलं की व्हीपीके फाइली दिसतात, त्यांत हा सगळा माल बांधून ठेवलेला असतो. नावात 'डीआयआर' असलेली फाइल ही यादी आणि आकडे असलेल्या बाकीच्या फाइलींत खरा ऐवज. कुणाकडून ती एकटी डीआयआर फाइल मागून आणणं म्हणजे पुस्तकाची अनुक्रमणिका फाडून आणणं. भाच्याच्या मित्राने पेनड्राइव्हवर नेमकी तेवढीच दिली होती.

या आठ महिन्यांत एक गोष्ट हळूहळू समजली, ती म्हणजे प्रत्येक जांभळ्या रंगाचं औषध एक नाही. चौकडा म्हणजे टेक्स्चर सापडलं नाही, लाल एरर म्हणजे मॉडेलच सापडलं नाही. पण कधीकधी भिंत नीट असते आणि फक्त चकाकणाऱ्या काचा किंवा गुळगुळीत फरशी जांभळट उमटते. तिथे कितीही गेम माउंट करा, फरक पडत नाही, कारण त्या मॅपमध्ये प्रतिबिंबांची चित्रंच बनवलेली नसतात. गेमच्या कन्सोलमध्ये (आज्ञा टाइप करायच्या खिडकीत) 'बिल्डक्यूबमॅप्स' द्यायचं आणि ते स्क्रीनवर काय करतंय ते शांतपणे बघायचं. घाई असेल तर 'मॅट स्पेक्युलर' शून्य करायचं. चकाकी जाते, जांभळेपणाही जातो. मी दुसरा उपाय करतो.

आणि काही वेळा खरंच अॅडऑन (वर्कशॉपवरून उतरवलेली जोडवस्तू) बनवणाऱ्याची चूक असते. एका गाडीचं बॉनेट सोडून बाकी सगळं दिसायचं. टेक्स्चरसोबत व्हीएमटी नावाची साधी मजकूर फाइल असते, तिच्यात कोणतं चित्र घ्यायचं त्याचा पत्ता लिहिलेला असतो. गॅरीज मॉडच्या बिन फोल्डरात 'जीमॅड' नावाचं साधन मिळतं, त्याने अॅडऑन सोडवला, व्हीएमटी नोटपॅडमध्ये उघडली, तर पत्त्यात फोल्डरचं नाव चुकलं होतं. दुरुस्त करून अॅडऑन्सच्या फोल्डरात ठेवलं आणि बॉनेट आलं. ऑफिसात कुणाच्या चुकीच्या लेयरचं नाव सुधारतो तितकंच काम. पण भाच्यासमोर मी त्या दिवशी जो भाव खाल्ला, तो ऑफिसात कधी मिळाला नाही.

टीम फोर्ट्रेस २ फुकट आहे, तोही माउंट केला. टोप्या भरपूर मिळतात. मग हाव सुटली आणि यादीत जेवढे होते तेवढ्या सगळ्यांवर टिक केली. मॅप उघडायला इतका वेळ लागायला लागला की मधे चहा व्हायचा, आणि दोनदा गेम मधेच बंद पडला. नेहमीची आवृत्ती तेव्हा ३२-बिटची होती, तिला चार जीबीपुढे मेमरी वापरताच येत नव्हती, त्यात आमचे वर्कशॉपचे अॅडऑन शंभरच्या पुढे. स्टीममध्ये बीटाच्या (चाचणीच्या आवृत्त्यांच्या) यादीतून ६४-बिटची निवडली आणि नको त्या टिका काढल्या. आता 'सोर्स' आणि टीम फोर्ट्रेस, बस.

दिसतं कसं, हेही सांगायला हवं. २००४ ची टेक्स्चर आहेत. जवळ जाऊन भिंत बघितली तर विटा पुसट. पण त्याचमुळे ताईच्या साध्या लॅपटॉपवर, ज्यात वेगळं ग्राफिक्स कार्ड नाही, हे विनातक्रार पळतं.

आता केळी. भाच्याने जूनच्या पावसात कन्स्ट्रक्टच्या तळ्याकाठी गोदाघाट बांधायला घेतला. दोन सैनिक पाठीला पाठ लावून वेल्ड केले, हा दुतोंड्या मारुती. त्याला पाण्यात उभा केलाय, कमरेपर्यंत. बाजूला बुधवारचा बाजार. त्यासाठीची टेबलं, संत्री आणि केळ्यांचे घड हे सगळं काउंटर-स्ट्राइकच्या इटलीवाल्या मॅपमधलं. द्राक्षं काही आम्हाला सापडली नाहीत, नाशिकच्या बाजारात द्राक्षं नाहीत म्हणून तो दोन दिवस नाराज होता. ऑफिसच्या मॅपमधला बर्फाचा माणूस त्याने रामकुंडावर का उभा केलाय, ते मी विचारलेलं नाही.

हा बाजार दाखवायला त्याने पंचवटीतल्या एका मित्राला आत बोलावलं, आणि तिथे माझ्या आठ महिन्यांच्या अनुभवातली शेवटची अडचण समोर आली. माउंट केलेला माल ज्याच्या मशीनवर आहे त्यालाच दिसतो. गेम होस्ट करणाऱ्याकडे 'सोर्स' असला म्हणून तो पाहुण्याकडे जात नाही, तेव्हा प्रत्येकाने आपापला घ्यायचा. सोबत मिळणाऱ्या टीटीटी ('ट्रबल इन टेररिस्ट टाउन') या खेळाच्या प्रकारात तर हे फारच गमतीचं होतं. तिथल्या बऱ्याच बंदुका काउंटर-स्ट्राइकच्या, त्यामुळे ज्याच्याकडे तो नाही त्याला समोरचा माणूस हातात लाल एरर घेऊन अंगावर धावून येताना दिसायचा.

मित्राच्या घरून होकार मिळायला पुढच्या सेलची वाट बघावी लागणार आहे. तोवर त्याच्या स्क्रीनवर मारुती नीट दिसतो, तळं दिसतं, आणि काठावर ओळीने लाल अक्षरं मांडलेली. परवा तो बाजारात शिरला, भाच्याच्या पहिल्या टेबलापाशी थांबला आणि माइकवर म्हणाला, "ओ शेठ, एरर कसे दिले किलो?"