‘द न्यूयॉर्क हॅट’ की ‘द चीट’?

लपवलेली गोष्ट आणि त्यातून होणारी बदनामी, या विषयावरचा मूकपट पाहायचा असेल तर माझ्यापुरती निवड या दोनांतच होती.

‘द चीट’ (1915) तासाभराचा. दिग्दर्शक सेसिल डिमिलने त्यात काळोख काय वापरलाय! कागदी सरकत्या दारावर पडलेली सावली, मग त्याच कागदावर पसरत जाणारं रक्त. रेडक्रॉसचे दहा हजार डॉलर सट्ट्यात घालवून बसलेली बाई आणि ते झाकण्यासाठी घेतलेलं कर्ज. कर्ज देणाऱ्याचं काम करणारा सेस्यू हायाकावा नुसता उभा राहतो, तरी बाकीचे उगाच हातवारे करतायत असं वाटू लागतं.

पण मधेमधे मजकूर दाखवणाऱ्या त्या पाट्या! हायाकावाचं पात्र मुळात जपानी व्यापारी होतं, हिशुरू तोरी. अमेरिकेतल्या जपान्यांनी निषेध केला, महायुद्धात जपान दोस्तांच्या बाजूने होता, म्हणून 1918 मध्ये सिनेमा पुन्हा लागला तेव्हा पाट्या बदलून त्या पात्राला ब्रह्मदेशचा हस्तिदंतवाला करून टाकलं. आज बघायला मिळते ती हीच प्रत. घर जपानी, अंगावरचा झगा जपानी आणि पाटीवर ब्रह्मदेश! बरं, नाव बदलून विखार कमी झाला म्हणावं, तर कोर्टातली गर्दी त्याच्या अंगावर धावून जातेच. प्रत्येक पाटीला मी गोष्टीतून बाहेर फेकला जायचो. तुम्हाला कदाचित एवढा त्रास होणारही नाही.

दिग्दर्शक ग्रिफिथच्या ‘द न्यूयॉर्क हॅट’मध्ये (1912) कॅमेरा जागचा फारसा हलत नाही आणि शेवटी घातलेली लग्नाची मागणी जरा घाईचीच वाटते. पण लेखिका अनिता लूसची गोष्ट ‘द चीट’पेक्षा पाऊण तास वाचवते आणि काही गाळत नाही. नवऱ्याने राबवून मारलेली आई मरताना थोडे साठवलेले पैसे पाद्र्याकडे देते: मुलीला अधूनमधून काही नटायचं घे, पण कुणाला कळू देऊ नकोस. तो दहा डॉलरची हॅट घेतो. दुकानातल्या बायका ते बघतात आणि गावभर बोभाटा. बाप ती हॅट फाडतो, तेव्हा मुलीचं काम करणाऱ्या मेरी पिकफर्डचा चेहरा बघा. इथे कुणी खलनायक नाही, चांगल्या घरच्या चार बायका पुरतात. आपल्याकडे हे समजावून सांगावं लागत नाही.

प्रकाशयोजना शिकत असाल तर ‘द चीट’ चुकवू नकाच. एरवी घरी कुणी विचारलं की मी हॅटच लावतो, आणि बहुतेक प्रतींवर चिकटवलेला टणटणणारा पियानो बंद करून.