लॅपटॉपच्या कोपऱ्यातले आकडे घालवायचे ५,७५० रुपये घेतले, वर रॅम काढून घेतली

चेकिंग ३०० रुपये. व्हायरस रिमूव्हल आणि फॉरमॅट ८००. विंडोज लायसन्स २,५००. अँटिव्हायरस १,२००. इंटर्नल सर्व्हिसिंग ९५०. एकूण ५,७५० रुपये. हा हिशोब वहीच्या फाडलेल्या पानावर पेनानं लिहून दिला. त्यावर ना दुकानाचा शिक्का, ना जीएसटी नंबर, ना तारीख. आणि काम काय होतं? ऑल्ट बटण दाबून धरायचं आणि आर एकदा दाबायचं. त्यापलीकडे काहीही नाही.

लॅपटॉप भाच्याचा. तो नांदेडला इंजिनिअरिंगला आहे, सुट्टीत गावी आला होता. ड्रॉइंगचं सॉफ्टवेअर चालावं म्हणून वेगळं ग्राफिक्स कार्ड असलेला, १६ जीबी रॅमचा (रॅम म्हणजे काम चालू असताना वापरात असलेली मेमरी) लॅपटॉप दाजींनी सोयाबीनच्या पैशातून घेऊन दिला होता. एक दिवस स्क्रीनच्या वरच्या कोपऱ्यात बारीक आकड्यांची ओळ उमटली. एफपीएस (सेकंदाला किती चित्रं) एन/ए, जीपीयू (ग्राफिक्सची चिप) इतके टक्के, सीपीयू (मुख्य चिप) इतके टक्के. आकडे सेकंदासेकंदाला बदलणारे. पीडीएफ उघडा, वर्ड उघडा, ओळ तिथंच. लॅपटॉप बंद करून चालू केला तरी पुन्हा तेच.

ही ग्राफिक्स कार्ड बनवणाऱ्या एनव्हिडियाच्या ओव्हरलेची, म्हणजे स्क्रीनवर वरून दिसणाऱ्या थराची, ओळ. गेम खेळणाऱ्याला मशीनवर किती ताण पडतोय ते दिसावं म्हणून कंपनीनंच दिलेली सोय. ऑल्ट आणि आर एकत्र दाबलं की ती दिसते, पुन्हा दाबलं की जाते. ड्रॉइंगच्या सॉफ्टवेअरमध्ये शॉर्टकट मारताना बोटं चुकून त्या बटणांवर पडतात. गेम चालू नसेल तर एफपीएसपुढं एन/ए दिसतं, कारण मोजायला काही नसतंच. यात व्हायरस नाही, हॅकर नाही, कुणी घरात डोकावत नाही.

दाजी लॅपटॉप गावातल्या दुकानात घेऊन गेले, तर दुकानदारानं मात्र नेमकं उलटं सांगितलं, की कुणीतरी बाहेरून लॅपटॉप बघतंय आणि हे त्याचं मीटर आहे.

आता ज्या गोष्टीनं अजून जीव जळतो ती सांगतो. दुकानदारानं लॅपटॉप काउंटरवर उघडला, डाव्या हातानं काहीतरी दाबलं आणि आकडे गेले. दाजी समोर उभे. पुन्हा दाबलं, आकडे परत आले. आणि तो म्हणाला, "बघा काका, दाबलं की लपतो. लपणारा व्हायरस लै बेकार. ठिवून जा, सांच्याला या." काम त्याच क्षणी झालेलं होतं! त्यानं ते डोळ्यांदेखत करून दाखवलं, मग जाणूनबुजून उलटं केलं आणि पैसे लावले. एक बटण दाबल्यावर जी गोष्ट जाते-येते ती स्विच असते, हे तिथंच ओळखायला हवं होतं. पण कुणी ओळखावं? ज्या माणसाला आकडे म्हणजे काय हेच माहीत नाही, ज्याला रोज फोनवर फसवणुकीचे इशारे ऐकवले जातात, त्याच्यापुढं हॅकर हा शब्द टाकला की तो घाबरणारच. दाजी आडतीवर किलोचा फरक सोडत नाहीत. त्यांना भोळं म्हणणाऱ्यांनी आधी हे लक्षात घ्यावं की समोरचा माणूस रोज हेच करतो आणि त्यांच्यावर ही वेळ पहिल्यांदाच आली.

दुसरं कुणीतरी म्हणेल, कंपनीच्या सर्व्हिस सेंटरला का नेला नाही? ते संभाजीनगरला. तालुक्याच्या गावाहून बस बदलत जायचं, आणि लॅपटॉप ठेवून घेतला तर तो आणायला पुन्हा जायचं. मुलाचं सबमिशन तोंडावर. गावात बाजारपेठेत दुकान आहे, ओळखीच्या चार जणांनी तिथं मोबाईल नीट करून घेतलेत, मग माणूस तिथंच जाणार.

लॅपटॉप घरी आला तेव्हा आकडे नव्हते. दिसायला सगळं ठीक. नंतर भाच्यानं ग्राफिक्स कार्ड चालवणारा ड्रायव्हर टाकून ड्रॉइंग उघडलं, तर फाईल फिरवताना मशीन अडखळायला लागली. टास्क मॅनेजरमध्ये परफॉर्मन्स, तिथं मेमरी उघडली. १६ च्या जागी ८ जीबी. खाली स्लॉट्स यूज्ड, १ ऑफ २. लॅपटॉपच्या मूळ बिलावर स्वच्छ लिहिलंय, ८ जीबीच्या दोन स्टिक, म्हणजे रॅमच्या दोन पट्ट्या. एक स्टिक काढून घेतलेली होती. लॅपटॉप उलटा केला तर बिजागरीजवळच्या दोन स्क्रूंची डोकी चकाकत होती, फुलीच्या कडा घसरलेल्या. "इंटर्नल सर्व्हिसिंग ९५०" कशाचे ते तेव्हा कळलं. चोरी करायला झाकण उघडलं, त्याचीही मजुरी आमच्याकडूनच घेतली.

दोन स्टिक असतात तेव्हा रॅम दोन मार्गांनी डेटा पोचवते. एक काढली की जागा अर्धी होते आणि मार्गही एकच उरतो. म्हणून साधं ब्राउझिंग करताना फरक जाणवत नाही, जड काम काढलं की मशीन रडते. चोरणाऱ्याला हे पक्कं माहीत असतं. गिऱ्हाईक दुकानात फार तर विंडोज उघडून बघतो.

लायसन्सच्या २,५०० ची गोष्ट तर त्याहून संतापजनक. या लॅपटॉपला विंडोज ११ होम कंपनीकडूनच आलेलं होतं. अशा लॅपटॉपची लायसन्स की, म्हणजे परवान्याचा क्रमांक, मदरबोर्डवरच्या चिपमध्ये साठवलेली असते. त्याच आवृत्तीचं विंडोज पुन्हा टाकलं की ते ती की स्वतः वाचतं आणि इंटरनेट मिळताच ॲक्टिव्हेट होतं. एक रुपया लागत नाही. यानं होम काढून प्रो आवृत्ती टाकली आणि चोरटा ॲक्टिव्हेटर, म्हणजे लायसन्स असल्याचं भासवणारं सॉफ्टवेअर, चालवला. ओळखायचं कसं? सेटिंग्ज, सिस्टम, ॲक्टिव्हेशन. तिथं तुमच्या संस्थेच्या ॲक्टिव्हेशन सेवेद्वारे ॲक्टिव्हेट झाल्याचं लिहिलेलं असेल आणि लॅपटॉप घरचा असेल, तर माल बनावट आहे. लगेच विंडोज सिक्युरिटीत व्हायरस अँड थ्रेट प्रोटेक्शनच्या सेटिंगमध्ये एक्सक्लूजन्स बघा. असे ॲक्टिव्हेटर पकडले जाऊ नयेत म्हणून तिथं अख्खं फोल्डर, कधी अख्खा सी ड्राइव्ह तपासणीतून वगळून ठेवतात. म्हणजे नसलेला व्हायरस काढायला नेलेला लॅपटॉप खऱ्या व्हायरसला दार उघडं ठेवून परत येतो. १,२०० च्या अँटिव्हायरसची तर ३० दिवसांची फुकट आवृत्ती टाकलेली निघाली.

भाच्यानं मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून मीडिया क्रिएशन टूल घेतलं, ८ जीबीच्या पेनड्राइव्हवर विंडोज बनवलं आणि जुने पार्टिशन उडवून होम टाकलं. ते आपोआप ॲक्टिव्हेट झालं. नवीन रॅम स्टिकला ३,८५० रुपये गेले. एकूण फटका ९,६०० रुपये. फॉरमॅटमध्ये गेलेल्या फायली वेगळ्या.

आणि मग एका संध्याकाळी काम करता करता बोटं पुन्हा त्याच बटणांवर पडली. आकडे पुन्हा हजर. या वेळी त्यानं ऑल्ट-आर दाबून घालवले आणि एनव्हिडिया ॲपमध्ये सेटिंग्जच्या फीचर्समधून एनव्हिडिया ओव्हरले कायमचा बंद करून टाकला. जुनं जीफोर्स एक्स्पिरियन्स असेल तर दातेरी चाकाच्या खुणेवर जाऊन जनरलमध्ये इन-गेम ओव्हरले बंद करायचं. आकड्यांऐवजी बाजूनं मोठा पट्टा सरकून आला तर तो ऑल्ट-झेडनं उघडलेला असतो, त्याच बटणांनी जातो. एएमडीचं ग्राफिक्स असेल तर ॲड्रेनलिन सॉफ्टवेअरच्या प्रेफरन्सेसमध्ये इन-गेम ओव्हरले बंद करा.

विंडोजचा स्वतःचा गेम बार वेगळा. तो विंडोज बटण आणि जी दाबल्यावर येतो. विंडोज १० मध्ये सेटिंग्ज, गेमिंग, एक्सबॉक्स गेम बार इथं एकच स्विच आहे. ११ मध्ये तो स्विच फक्त कंट्रोलरच्या बटणापुरता उरलाय, म्हणून लोक तो बंद करतात आणि बार येतच राहतो म्हणून घाबरतात. ११ मध्ये ॲप्स, इन्स्टॉल्ड ॲप्समध्ये गेम बार शोधा, तीन टिंबांवरून ॲडव्हान्स्ड ऑप्शन्समध्ये जा, बॅकग्राउंड परवानगी नेव्हर करा आणि खाली टर्मिनेट दाबा. शिवाय गेमिंगमधल्या कॅप्चर्समध्ये पडद्याआड होणारं रेकॉर्डिंग चालू असेल तर तेही बंद करा, ते उगाच मशीनवर ताण टाकतं. पॉवरशेल या विंडोजच्या कमांड लिहायच्या खिडकीतून कमांड मारून गेम बार मुळासकट काढू नका. मग गेम उघडताना एमएस-गेमिंगओव्हरले लिंकसाठी नवीन ॲप लागेल अशी चौकट दर वेळी उभी राहते आणि दुकानदाराला नवीन व्हायरस सापडतो. काढूनच टाकला असेल तर मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून परत घ्या. गेम विकणाऱ्या स्टीम ॲपचा ओव्हरले शिफ्ट-टॅबनं येतो, स्टीमच्या सेटिंग्जमध्ये इन गेम इथून जातो. गेमर गप्पा मारतात त्या डिस्कॉर्डचाही त्याच्या सेटिंग्जमध्ये गेम ओव्हरले या नावानं आहे.

दाजी दुकानदाराकडे गेले तर तो म्हणाला, "कंपनीनंच ८ दिली आसंल." बिल दाखवलं तर म्हणे बिल चुकीचं.

मग ठाणं. तिथं आधी सांगितलं, लॅपटॉपचं आहे, जिल्ह्याला सायबरकडे जा. सायबरला गेलो तर म्हणाले, यात ऑनलाइन काही नाही, ही दुकानातली बाब आहे, तुमच्या ठाण्यात जा. पुन्हा ठाण्यात आलो तर साहेब बंदोबस्तावर. शेवटी एकानं विचारलं, स्टिकची किंमत किती? ३,८५० म्हटल्यावर त्याचा चेहरा खुलला. ५,००० च्या आतली चोरी अदखलपात्र, म्हणजे कोर्टाच्या हुकमाशिवाय पोलीस तपास करत नाहीत, एनसी (अदखलपात्र नोंद) घेतो, पुढचं कोर्टात बघा. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली, तिच्यात कलम ३०३(२) मध्ये ५,००० च्या आतल्या चोरीबद्दल तसं आहे, हे खरं. पण माणसानं विश्वासानं सोपवलेली वस्तू लाटली तर तो कलम ३१६ चा विश्वासघात होतो. आणि नसलेला व्हायरस सांगून पैसे उकळले तर कलम ३१८(४) ची फसवणूक होते. दोन्ही दखलपात्र आहेत. हे बोलून दाखवलं तर उत्तर आलं, "वकील हाव का तुम्ही?" ज्यानं लुटलं तो दुकानात खुर्चीवर बसलेला, आणि ज्यानं पैसे गमावले त्यानं उन्हात दारोदार फिरून स्वतःच कलमं शोधायची? तक्रार लिहून घेण्याऐवजी ती परतवायची कशी, यातच सगळं कसब खर्च होतं. पोच मागितली तर अर्ज ठेवून जा म्हणतात. कुणीही तसा ठेवून येऊ नका. दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घेतल्याशिवाय जागचे हलू नका. ठाण्यानं नाकारलं तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) खाली तीच माहिती लेखी, पोस्टानं पोलीस अधीक्षकांना पाठवता येते. आम्ही तशी पाठवली आहे.

ग्राहक आयोगाचा रस्ता लांबचा असला तरी तो खुला आहे. १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर आधी तक्रार नोंदवून तिचा क्रमांक घ्या. जिल्हा आयोगात ५ लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी नाही, वकील सक्तीचा नाही, मुदत घटनेपासून दोन वर्षांची. अर्ज ग्राहक आयोगाच्या ई-जागृती या ऑनलाइन पोर्टलवरून करता येतो. पक्की पावती नसल्यामुळे आमचं काम अडलं असतं, पण पैसे यूपीआयनं गेले होते आणि ते दुकानाच्या नाही, माणसाच्या खात्यावर गेले होते. तो व्यवहार क्रमांक, लॅपटॉपचं मूळ बिल, घसरलेल्या स्क्रूंचे फोटो आणि टास्क मॅनेजरचा स्क्रीनशॉट जोडलाय. रोख दिली असती तर हातात काहीच नसतं.

लॅपटॉप द्यायचाच असेल तर आधी टास्क मॅनेजरमधलं मेमरीचं पान आणि डिव्हाइस मॅनेजरमधलं डिस्कचं नाव यांचा फोटो काढा. सीपीयू-झेड या फुकट सॉफ्टवेअरच्या एसपीडी टॅबमध्ये प्रत्येक स्टिकचा पार्ट नंबर, बहुतेक वेळा सीरियल नंबरही, दिसतो. त्याचाही फोटो हवा. मागच्या स्क्रूंवर नेलपॉलिशचा ठिपका द्या. पिन सांगू नका, त्या पिनवर ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड उघडतात. "सांच्याला या" म्हटलं की उचलून परत आणा. सॉफ्टवेअरच्या कामाला झाकण उघडावं लागत नाही.

दुकानदाराकडून निरोप आलाय की २,००० घ्या आणि तक्रार मागं घ्या. दाजींनी सांगून पाठवलंय, ९,६०० पूर्ण आणि कशाचे किती ते सहीनिशी लिहून, नाहीतर आयोगातच भेटू.