चार मिनिटांची धास्ती : डेव्हिड लिंच यांचा ‘दि अल्फाबेट’

अमेरिकी चित्रपट दिग्दर्शक डेव्हिड लिंच यांनी १९६८ मध्ये फिलाडेल्फियात केलेला ‘दि अल्फाबेट’ हा लघुपट जेमतेम चार मिनिटांचा आहे आणि त्याला कथानक असे नाही. पत्नी पेगी यांच्या नात्यातील एक लहान मुलगी वाईट स्वप्नात मुळाक्षरे बरळत होती, एवढ्यावरून तो सुचला. काळ्याकुट्ट खोलीतील पलंग, त्यावर पांढराफटक चेहरा रंगवलेली मुलगी (ही भूमिका खुद्द पेगी यांचीच), ‘ए-बी-सी’चा सामूहिक घोष, ॲनिमेशनमध्ये एकामागून एक उगवणारी अक्षरे आणि शेवटी चादरीवर उडणारे रक्त, एवढाच सारा ऐवज आहे.

पडद्यावर शिक्षक नाही, छडी नाही, परीक्षाही नाही. तरीही शिकण्याची सक्ती अंगावर येते, हे या लघुपटाचे खरे यश आहे. मोठ्यांच्या नजरेतून केलेल्या चित्रपटांत मुलाच्या भीतीला बहुधा एखादे कारण जोडलेले असते आणि ते कळले की प्रेक्षक निर्धास्त होतो. इथे ती सोय नाही. मुलगी मुळाक्षरांचे गाणे पूर्ण म्हणते, त्याच्या शेवटच्या ओळीत ‘आता माझ्याबद्दल काय वाटते ते सांगा’ असे विचारते, आणि पाठांतर बिनचूक होऊनही तिची सुटका होत नाही. अभ्यासात हुशार असलेल्या मुलांची घालमेल इतक्या नेमकेपणाने मी क्वचितच पाहिली आहे.

यात ध्वनीचा वाटा चित्रांहून मोठा आहे. लिंच यांनी आपल्या तान्ह्या मुलीचे रडणे बिघडलेल्या टेपरेकॉर्डरवर ध्वनिमुद्रित केले आणि त्यातून आलेला विकृत आवाज तसाच वापरला. रक्ताचे दृश्य मात्र मला थोडे भडक वाटले. त्याआधीच जे साधले होते, ते पुन्हा ओरडून सांगितल्यासारखे होते.

याच लघुपटाच्या बळावर अमेरिकन फिल्म इन्स्टिट्यूटचे अनुदान मिळून झालेला ‘दि ग्रँडमदर’ (१९७०) ३४ मिनिटांचा आहे. अंथरूण ओले केल्याबद्दल वडिलांचा मार खाणारा मुलगा त्यात बी पेरून स्वतःसाठी आजी उगवतो. ही कल्पना विलक्षण आहे आणि ॲलन स्प्लेट यांचे ध्वनिकाम अप्रतिम. पण क्रूर आईवडील समोर येताच भीतीला चेहरा मिळतो आणि तिची धार काहीशी बोथट होते. दोन्ही लघुपट हेडफोन लावून, याच क्रमाने पाहावेत. मात्र लहान मुलांना दाखवू नयेत.