फॅमिली कोर्टाच्या वकीलबाई, बेळगाव : चार स्टार, एक फोनचा कापला

काम एक नंबर, पण फोन उचलत नाहीत, म्हणून एक स्टार कमी. नाव इथं टाकू नका म्हणालेत, म्हणून टाकत नाही.

आमच्या ताईचं सासर चंदगडकडं, लग्नही तिकडंच झालं, आता ती मुलीला घेऊन माहेरी बेळगावात. घटस्फोटाचा अर्ज इथं टाकला आणि दाजींची पहिलीच हरकत, लग्न महाराष्ट्रात, संसार महाराष्ट्रात, या कोर्टाला हद्दच नाही. आपल्या सीमाभागातल्या कितीतरी सोयरिकी गडहिंग्लज-कोल्हापूरकडच्या, त्यामुळं ही हरकत काय नवीन नाही. पण आधीचे वकील तारखेला उभं राहून नुसती म्हणणं द्यायला मुदत मागायचे, फी मात्र दर तारखेला, आणि तोवर पोटगीचं नावच नाही.

या बाई म्हणाल्या, हरकतीत दम नाही ओ, पुरावा काय आहे ते दाखवा. हिंदू विवाह कायद्याच्या कलम 19 मध्ये 2003 साली भर पडलीय, अर्ज बायकोचा असेल तर अर्ज टाकताना ती जिथं राहते तिथल्या कोर्टात चालतो. घोळ एवढाच की ताईच्या आधारवर पत्ता अजून सासरचा, आणि समोरच्यानं नेमकं तेच झेरॉक्स जोडलेलं. मग बाईंनी सगळे कागद टेबलावर पसरायला लावले, मुलीच्या शाळेचं बोनाफाईड, बँकेचं पासबुक, दवाखान्याचे केसपेपर, आणि एकेकावरची तारीख बघत अर्जाच्या आधीचे तेवढेच बाजूला काढले. नंतरचा एकही घेतला नाही, म्हणाल्या हरकत आल्यावर तयार केला म्हणतील की. हे त्या आधीच्या माणसाला का सुचलं नसेल?

दुसरं म्हणजे नीट समजावून सांगतात. हद्दीचा मुद्दा निव्वळ कायद्याचा असेल तर सीपीसीच्या, म्हणजे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या, ऑर्डर 14 रूल 2 खाली कोर्ट तो आधी ठरवू शकतं, साक्षीपुरावा लागणार असेल तर मग तो बाकीच्या मुद्द्यांबरोबरच जातो, म्हणून कागदावरच संपेल असं मांडायचं. हद्दीची हरकत पहिल्याच संधीला घ्यावी लागते, ती दाजींनी वेळेत घेतलीय, तिथं आपल्याला काही मिळणार नाही, हेही तोंडावर सांगितलं. आणि हरकत पेंडिंग असतानाच हिंदू विवाह कायद्याच्याच कलम 24 चा अंतरिम पोटगीचा अर्ज टाकला, नोटीस लागू झाल्यापासून शक्यतो 60 दिवसांत तो निकाली काढा असं कायद्यातच आहे, हे मला तरी पहिल्यांदाच कळलं.

हरकत फेटाळली. कन्नड ऑर्डर बाईंनी ओळीओळीनं मराठीत वाचून दाखवली, आईलापण समजली. दाजी अपील करतो म्हणून फिरतायत, पण असल्या मधल्या ऑर्डरवर 1984 च्या फॅमिली कोर्ट कायद्यात अपीलच नाही, फारतर धारवाडला हायकोर्टात रिट करतील. दोन राज्यांचा मामला असल्यानं केस तिकडं ट्रान्सफर करून मागायला सुप्रीम कोर्टात जाऊ शकतात, तेही बाईंनी लपवलं नाही.

फी टप्प्याटप्प्यानं, पावती मिळते. ऑफिस वरच्या मजल्यावर, लिफ्ट नाही, म्हातारी माणसं असतील तर सांभाळून. लग्नाचा दाखला मराठीत असेल तर भाषांतर आधीच करून न्या, आमचं त्यासाठीच एकदा परत जाणं झालं. आणि फोनच्या नादी लागू नका, व्हॉट्सअ‍ॅपवर मेसेज टाका, रात्री का होईना उत्तर येतं.